फक्कीरप्पाचे नऊ फेरे

व्हॉल्व्हच्या खड्ड्यात गावाला पाणी सोडणारा फक्कीरप्पा पालथा पडला होता. व्हॉल्व्ह फिरवायची त्याचीच लोखंडी चावी त्याच्याच कवटीवर चार-पाच वेळा बसली होती. भिंतीला रक्त आणि केस चिकटले होते.

खड्ड्याच्या काठावर पेठेतल्या लोकांनी कल्लव्वाला केसांना धरून फरफटत आणलं होतं. ओठ फाटलेला, कानाची पाळी तुटलेली. तिच्या घागरीलाही रक्त होतं.

"कालच सगळ्यांदेखत म्हणाली, तुझं टाळकं फोडीन," इन्स्पेक्टर हनुमगौड म्हणाले. "आज फोडलं. आणखी काय पाहिजे?"

चोर सोडून संन्याशाला फाशी द्यायची घाई झाली होती सगळ्यांना. शांभवी अंगडीला मात्र नव्हती. ती पाणीपुरवठ्यातली कनिष्ठ अभियंता. हिरेहोळेची सगळी नळयोजना तिने ब्राउझरमध्ये चालणाऱ्या एका फुकट, खुल्या सॉफ्टवेअरमध्ये उतरवली होती: कुठला पाइप, कुठला व्हॉल्व्ह, कुठे किती दाब. फक्कीरप्पा चेष्टा करायचा, "अक्का, तुझ्या डब्यातल्या पाण्यानं तांब्या तरी भरतो का?"

पण कालच त्याने तिला बापाने शिकवलेली खूण सांगितली होती. हा व्हॉल्व्ह नऊच फेरे उघडायचा. दहावा दिला की पाणी उताराने पेठेत पळतं, वरची कुंभार ओणी, म्हणजे कल्लव्वाची गल्ली, कोरडी. तिने घरी जाऊन आपल्या फाइलीतले तेरा खोडून नऊ केले होते.

"कल्लव्वा, खाली कधी आलीस?"

"साडेसहाला. सहापासून आम्ही सहाजणी नळापुढं बसलो होतो. आठ दिवसांनी पाणी, आणि थेंब नाही! भांडायला आले, तर हा असा. उचलायला गेले ग बाई..."

"पेठेत पाणी कधी आलं?"

"सहालाच," चहावाला म्हणाला. "असा जोर कधी बघितला नाही. बादली कलंडली माझी."

उपअभियंता पट्टणशेट्टी नाकाला रुमाल लावून उभे होते. "म्हणजे सहाला फक्कीरप्पा जिवंत होता. त्यानंतर हिने मारलं. मी सव्वासहापासून ऑफिसात आहे, शिपायाला विचारा."

शांभवीने दुसरी चावी मागवून हवालदाराला व्हॉल्व्ह बंद करायला लावला. त्याने मोजले. तेरा फेरे.

"साहेब, परत पाणी सोडायचंय. कसं फिरवू?" तिने पट्टणशेट्टींना विचारलं.

"उजवीकडे. नेहमीपेक्षा उलटा व्हॉल्व्ह आहे हा. पूर्ण तेरा. तूच तर लिहिलंयस."

तिने जीपवर लॅपटॉप उघडला. तेरा फेऱ्यांना पेठ गडद निळी, कुंभार ओणी लाल. दाब शून्य. नऊ फेऱ्यांना दोन्हीकडे निळं.

"गौडसाहेब, आज हा व्हॉल्व्ह फक्कीरप्पाने उघडलाच नाही. सहाला तो मेलेला होता. खुन्याने पाणी सोडलं, तो जिवंत वाटावा म्हणून. तेव्हा कल्लव्वा सहाजणींत बसली होती. वर पाणी आलं असतं तर ती उतरलीच नसती."

"मग कोण?"

"व्हॉल्व्ह उलटा आहे हे पाणी सोडणाऱ्यांना ठाऊक, पण त्यांना नऊही ठाऊक. उलटा ठाऊक आणि नऊ नाही, असा माणूस माझी जुनी फाइल वाचणारा. ती मी एकालाच पाठवली होती." तिने पट्टणशेट्टींकडे पाहिलं.

"पण का?"

"माझ्या हिशेबापेक्षा पाणी रोज कमी भरायचं. फक्कीरप्पा म्हणाला, उद्या चोरपाइप दाखवतो. आणि मी मूर्ख, ते साहेबांनाच सांगून बसले!"

हवालदाराने खड्ड्याच्या भिंतीला लावलेलं एक पोतं ओढलं. मागे नवा पाइप होता, पट्टणशेट्टींच्या मेव्हण्याच्या बाटलीबंद पाण्याच्या कारखान्याकडे वळलेला.

पट्टणशेट्टींनी दुसरी चावी हिसकली आणि शांभवीच्या डोक्यावर हाणली. ती वळली म्हणून वाचली. खांद्याचं हाड कडकन मोडलं. दुसऱ्या घावाने लॅपटॉपचा चुरा झाला. तिसऱ्याआधी हनुमगौडांची काठी मनगटावर बसली. साहेब कोसळले. पॅन्ट वर सरकली, तर मोज्यावर रक्त वाळलेलं.

"बूट पुसलेत, मोजे राहिले," हनुमगौड म्हणाले, आणि कल्लव्वाकडे बघायची त्यांना लाज वाटली.

शांभवीचा एकच हात चालत होता. चावीचं दुसरं टोक कल्लव्वाने धरलं. दोघींनी मिळून फिरवत फेरे मोजले. नऊ. वरच्या ओणीतून बायकांचा गलका आला.

कल्लव्वा चढण चढून गेली, घागर भरून परत खाली आली आणि ती सगळी फक्कीरप्पाच्या रक्तावर ओतली.