साठाच्या पुढचे आकडे

सुरभीचा जन्मदाखला आईकडे राहिला होता, तेवढा आणायला नाचणगावला गेले. दुपारची एसटी, सोबत सव्वातीन वर्षांची सुरभी. निघण्याआधी फोन केलाच. "आई, कापसाच्या खोलीले कुलूप घातलं ना?"

"घातलं वं माय. किती भेतं तू!"

भिते खरी. मी डी.एड. आहे, वर्गाला पाढे शिकवलेत. पण पिपरी मेघेतल्या आमच्या घरी कापसाची नको म्हणून गादी फोमची घेतली, आणि रात्री पोरीचे श्वास मोजत पडते. वीस वर्षांपूर्वी आईच्या त्याच खोलीत भाव वाढायची वाट बघत आढ्यापर्यंत कापूस भरलेला होता. लपाछपीत राज्य माझ्यावर. शंभर मोजायचे होते. साठावर आईनं उकडलेल्या तुरीच्या शेंगा खायला हाक मारली, मी उठून गेले. धाकटा भाऊ आदेश कापसात शिरून माझ्या शंभराची वाट बघत राहिला. सापडला तेव्हा दिवे लागले होते, श्वास थांबला होता... सगळ्यांना सांगितलं, शंभर मोजले, खूप शोधलं. साठाचं कोणालाच ठाऊक नाही. नवऱ्यालाही नाही.

आईकडे पोचलो, चहा संपला आणि सुरभी दिसेना.

मोरीत नाही, अंगणात नाही. घर एकदम गप्प. कापूस आवाज गिळतो, तसं. सरकीचा कोमट वास आला... आणि कुलपामागून हसू.

आईनं धावत येऊन किल्ली लावली. "वातीपुरता कापूस काढलता मगाशी... तेवढ्यात शिरली असंन..."

सुरभी ढिगाच्या टोकावर बसली होती. तिच्या वजनानं कापूस जराही दबला नव्हता. खालून कुणी उचलून धरावं तशी.

परतीच्या एसटीत ती माझ्या मांडीवर. तिला दहापर्यंतच येतं, तेही सात गाळून. तळवे डोळ्यांवर ठेवून ती पुटपुटली, "एकसष्ट... बासष्ट..."

मी तिचं तोंड दाबलं. बोटांच्या फटींतून आकडे येत राहिले. नव्व्याण्णवला थांबली.

"शंभर तू म्हण आई. मंग तो निघते."

अजून म्हटलेलं नाही. रोज झोपताना ती नव्व्याण्णवपर्यंत येते आणि वाट बघते. निघालेला आदेश केवढा असेल, हा विचार मी करत नाही. म्हणजे, करते.

काल ती न मोजताच झोपली. सुटले म्हणून मी दिवा मालवला.

आणि पलंगाखालून, हळूच... नव्व्याण्णव.