डबा क्रमांक ११२६ चं वजन

फेब्रुवारीतल्या त्या सोमवारी सकाळी कारशेडमध्ये नेहमीसारखी कवायत झाली. माझ्या मदतनिसाने, कुसाकाने, नेहमीसारखेच शेवटचे दोन प्रकार गाळले. चहा घेऊन आम्ही दोघं वजनाच्या रुळांकडे गेलो. अकराशे मालिकेची शेवटची चार डब्यांची गाडी तिथे उभी होती.

अकराशे ही आमच्या किनाऱ्यावरची लोकल. १९६८ साली तिचे अठ्ठेचाळीस डबे आले. वर साईचा रंग, खाली हिरवा पट्टा, म्हणून गावोगावचे लोक तिला मुळा म्हणायचे. ‘आठचा मुळा चुकला’ असं कुणी म्हटलं, तर ऐकणाऱ्याला आणखी काही सांगावं लागत नसे. या मार्गावर हवेच्या उशांवर बसवलेली पहिली गाडी तीच. आत गर्दी वाढली की उशांमधला दाब वाढतो. त्या दाबावरून गाडी स्वतःच ठरवते की ब्रेक किती जोरात लावायचा. म्हणून ती रिकामी असो की खच्चून भरलेली, फलाटावरच्या खुणेशी नेमकी थांबते.

१९७६ च्या वादळात नदी बांधापर्यंत चढली, तेव्हा एक मुळा गाडी दोनशे ऐंशी माणसांना पोटात घेऊन बांधावर दोन दिवस उभी राहिली. तिसऱ्या दिवशी पाणी उतरलं आणि तिने त्यांना स्वतःच्या मोटरींवर घरी पोहोचवलं. मी तेव्हा शाळेत होते. तरी ही गोष्ट मी बांधावर स्वतः हजर असल्यासारखी सांगते. कारशेडमधले सगळेच तशी सांगतात.

कंपनीने निरोपाच्या पुस्तिकेसाठी मालिकेच्या सेवेचा इतिहास लिहायचं काम माझ्याकडे दिलं होतं. त्यातली एक ओळ मी पुन्हा पुन्हा वाचत असे: एक्केचाळीस वर्षांत स्वतःच्या बिघाडामुळे रद्द झालेल्या फेऱ्या, शून्य. त्या शून्यातली शेवटची अकरा वर्षं तपासनीस म्हणून माझ्या सहीची होती.

येत्या रविवारी निरोपाची फेरी होती. त्यानंतर डबे मोडीत जाणार होते आणि क्रेनवाल्यांना प्रत्येक डब्याचं वजन हवं होतं.

तीन डबे बरोबर आले. चौथा, ११२६, जवळजवळ दोन टनांनी जड निघाला.

“कुणीतरी आत विटा विसरलंय,” कुसाका म्हणाला.

आम्ही बाकांखाली पाहिलं, छताची झाकणं उघडली, वातानुकूलनाच्या नळ्यांमध्ये पाणी साचलंय का तेही पाहिलं. काही नव्हतं. डबा पुढे-मागे करून पुन्हा मोजला. मूळ वजन एकतीस टन तीनशे किलो. काट्यावर तेहतीस टन शंभर.

जास्तीचे अठराशे किलो. आमच्या कामात एक प्रवासी म्हणजे साठ किलो. मी भागाकार मनातच केला. तीस.

खरं तर दर चार वर्षांनी मोठ्या तपासणीत डबा मोजला जातोच. पण तेव्हा आम्ही फक्त डाव्या-उजव्या चाकांवरचा भार सारखा आहे ना, एवढंच पाहतो. आठ चाकांची बेरीज करायचं कारण कधी पडलं नव्हतं. दुपारी मी जुन्या वह्या काढून ती केली. माझ्या तीन तपासण्यांमध्ये ११२६ वरचा जादा भार तेवीस, सव्वीस आणि तीस माणसांचा होता. आकडे माझ्याच हातचे होते.

माझ्या आधीच्या वह्या जुन्या तपासनिसांच्या, निशिगुचींच्या. त्यांत बेरीज करायची गरज पडली नाही. प्रत्येक तपासणीच्या पानावर, ११२६ समोर, समासात पेन्सिलीने बारीक आकडा होता. तीन. सात. बारा. सोळा. शेवटचा, ते निवृत्त झाले त्या वर्षीचा, एकोणीस.

संध्याकाळी अहवाल विभागप्रमुखांकडे गेला. ते मला म्हणाले, “हवेच्या उशांत बिघाड लिहा, इसोबे-सान. डबा काढून ठेवू.”

“एक डबा काढला तर गाडीच निघणार नाही. बदली डबा उरलेला नाही.”

“मग निरोपाची फेरी रद्द करू. सुरक्षिततेपुढे काय करणार?”

म्हणजे शून्याचा एक होणार होता, तोही शेवटच्या आठवड्यात आणि तोही खोटा, कारण उशा मी स्वतः तपासल्या होत्या. त्यांच्यात काही दोष नव्हता. मी चाचणी फेरीसाठी एक दिवस मागून घेतला.

मंगळवारी सकाळी निशिगुची आले. वय एकाहत्तर, पाठ अजून ताठ. डब्यात चढण्यापूर्वी त्यांनी टोपी काढून जराशी मान झुकवली. भरल्या खोलीत उशिरा शिरणारा माणूस झुकवतो तशी.

“ते आकडे तुम्ही का लिहिलेत?” मी विचारलं.

“भार होता, म्हणून लिहिला. छापील रकान्यात जागा नव्हती.”

“पण ही कोण माणसं?”

“मी तपासनीस होतो, पोरी. वजन लिहायचो. नावं विचारायचं काम आपलं नाही.” त्यांनी दाराच्या कडेवरून बोट फिरवलं. “मी एवढंच पाहिलं, की हिने त्यांना धरून ब्रेक लावला आणि खुणेवर थांबली. दर वेळी. गाडीने ज्यांना मोजलं, त्यांना आपण कशाला नाकारायचं?”

“विभागप्रमुखांना काय सांगू?”

“जे मोजलंस ते.” मग म्हणाले, “निरोपाची फेरी त्यांचीपण आहे. दारं मात्र प्रत्येक स्टेशनवर उघड.”

दुपारी चाचणीला निघालो. पुढे मोटरमन, ११२६ मध्ये मी आणि कुसाका. उशांना मी बारीक मोजणारा दाबमापक जोडला होता. आम्हा दोघांना वगळून आकडा तीस माणसांवर स्थिर होता. बाहेर ऊन होतं, समुद्र चकाकत होता, खाडीवर कुणीतरी नोरीच्या शेवाळाच्या जाळ्या वाळत घालत होतं.

तोकुरा स्टेशनाआधीच्या वळणावर रिकाम्या गाडीत उभ्या प्रवाशांनी धरायच्या छताच्या कड्या सगळ्या एकदम बाहेरच्या बाजूला झुलतात. तेवीस वर्षं मी ते पाहत आले आहे. पुढच्या डब्यात त्या झुलल्या. आमच्या डब्यात काहीच झुलल्या. बाकीच्या खाली ओढून धरल्यासारख्या ताठ राहिल्या.

कुसाकाने ताठ कड्या मोजल्या. “चौदा.”

थोड्या वेळाने म्हणाला, “बाकीचे बसले असतील.” तो हसला नाही.

तोकुराला दारं उघडली. फलाटावर कुणी नव्हतं. वारा पडलेला होता.

पायाखालची फरशी किंचित दबली. लोकलमध्ये कुणी चढलं की दबते तेवढीच. दाबमापकावर एकतीस झाले.

कुसाका बाकाच्या मधोमध बसला होता. तो डावीकडे सरकला.

“का सरकलास?”

“सरकलो का?” त्याने शेजारच्या रिकाम्या जागेकडे पाहिलं. मग मांडीवरची हातोड्याची पिशवी आणखी जवळ ओढून घेतली.

परतीच्या सगळ्या थांब्यांवर गाडी खुणेवर थांबली. कुठेही दोन बोटांचाही फरक पडला नाही.

अहवाल मी त्याच दुपारी लिहिला. ‘डबा ११२६. भार एकतीस प्रवाशांइतका. उशा, दाब, ब्रेक निर्दोष. डबा चालवण्यास योग्य.’ खाली सही केली.

विभागप्रमुखांनी कागद दोनदा वाचला. “कुठले प्रवासी?”

“ते मला माहीत नाही. गाडीने वजन खरं सांगितलंय. तिच्या नावावर खोटा बिघाड मी लिहिणार नाही. हवं तर दुसऱ्या कुणाकडून लिहून घ्या.”

ते उठून खिडकीशी गेले. मग शांतपणे म्हणाले, “माझी आई तोकुराहून रोज याच गाडीने बाजारात जायची.” एवढं बोलून त्यांनी शिक्का उमटवला.

रविवारी थंडी कडक होती, पण प्रत्येक फलाट भरला होता. शेतांच्या कडेने लोक उभे होते. कुणी पांढरे मुळे पानांसकट उंच धरून हलवत होतं. ११२६ च्या दारांवर मी ‘आरक्षित’ असे कागद लावले होते. कुणी आत आलं नाही, कुणी विचारलंही नाही. डब्यात मी एकटी होते आणि समोर दाबमापक. दारं प्रत्येक स्टेशनवर उघडली.

प्रत्येक स्टेशनवर आकडा वाढला.

मला धरून बत्तीस. अडतीस. बावन्न.

तोकुराच्या फलाटावर निशिगुची जुना गणवेश घालून उभे होते. त्यांनी सलाम ठोकला आणि ते मला दिसेनासे होईपर्यंत हात खाली घेतला नाही. आकडा नव्वदवर गेला.

मी उठून दाराशी उभी राहिले. बसून राहायला मला संकोच वाटला.

काचा आतून धुरकटल्या. मोटरींचा आवाज भरल्या गाडीचा असतो तसा खोल झाला. तो आवाज मला लहानपणापासून ठाऊक आहे. भीती वाटली का, असं नंतर कुसाकाने विचारलं. वाटली. पण त्याहून जास्त ऊर भरून आला. असा निरोप मी दुसऱ्या कुठल्या गाडीला मिळालेला पाहिलेला नाही.

शेवटच्या स्टेशनात आम्ही एकशे त्रेचाळीस होतो.

गाडी खुणेवर थांबली.

दारं उघडली. फरशी हळूहळू वर आली. आकडा घाई न करता एकेकाने उतरत गेला आणि माझ्या एकटीवर येऊन थांबला.

सोमवारी ११२६ पुन्हा मोजला. एकतीस टन तीनशे, कारखान्यातून आला त्या दिवशी होता तेवढा. पुस्तिकेतलं शून्य शून्यच राहिलं.

बुधवारी छपाईसाठी फोटो आले. शेवटच्या स्टेशनातला एक मी निशिगुचींना दाखवायला घेऊन गेले. फलाटावर उभं राहायला जागा नाही इतकी गर्दी, आणि ११२६ च्या दारापासून जिन्यापर्यंत एक माणूस जाईल एवढी मोकळी वाट. ती करायला कुणी सांगितलं नव्हतं. दोन्ही बाजूंचे लोक गाडीकडेच बघताहेत, पण त्यांचे खांदे तिरके झालेत, कुणाला जाऊ देताना होतात तसे. पहिल्या रांगेत लोकरी शाल घेतलेली एक म्हातारी आहे. ती एकटीच त्या रिकाम्या वाटेकडे पाहते आहे. हसतमुखाने कमरेत वाकली आहे, समोरच्याने आधी नमस्कार केल्यावर आपण वाकतो, तशी.