डाव्या पिळाची गाठ

दुपारची गोष्ट सुरू झाली की दोरघराची दारं लावून घेत आणि आत डोळ्यांत बोट घातलं तरी दिसू नये असा काळोख व्हायचा. इथे गोष्ट ऐकायची नसे, पाहायची तर नसेच, ती हाताळायची. एका टोकाला गाठकरी बसून दोराला गाठी मारायचा आणि तो दोर ओळीत बसलेल्यांच्या बोटांतून हळूहळू पुढे सरकायचा. बसकी, मऊ गाठ आली की पाऊस. करकचून आवळलेली आली की भांडण. चांगली धट्टीकट्टी माणसं अंधारात मुळूमुळू रडायची आणि दारं उघडली की डोळ्यांत कचरा गेला म्हणायची.

दुसऱ्या टोकाला बसायची उकलीकाकू. आलेली प्रत्येक गाठ सोडायची आणि कोरा दोर टोपलीत गुंडाळायचा, हे तिचं काम. न सोडलेली गाठ उंबऱ्याबाहेर जाता कामा नये, एवढा एकच नियम दोरघरात होता. का, ते कुणी सांगत नसे आणि काकूनेही कधी खोदून विचारलं नव्हतं.

पूर्वी तिचा नवराच इथला गाठकरी होता. बोलायला महाकंजूष माणूस. पण गोष्ट संपली की शेवटी एक लहानशी, सैल गाठ मारायचा. डावखुरा, म्हणून डाव्या पिळाची. लोकांना वाटे, ही समाप्तीची खूण. ती काकूसाठी असायची. 'चल घरी' एवढाच तिचा अर्थ, लग्नानंतर त्याने तिला सांगितलेला.

आजारपणात बोटं थरथरायला लागली तसा तो तिच्या शेजारच्या खुर्चीवर येऊन नुसता दोर धरून बसायचा. तो गेला. खुर्ची तिथेच राहिली आणि तिच्यावर बसायला कुणी धजलं नाही. पलीकडचा पाववाला हात लांब करून दोर काकूकडे द्यायचा.

तेव्हापासून काकूच्या अंगाला माणसाचा हात लागला नव्हता. लोक आपुलकीने विचारपूस करायचे, पण लांबून. एवढ्या सगळ्यांच्या बोटांखालून आलेला दोर तिच्या हाती पडायचा तेव्हा कोमट असायचा. त्या उबेवर ती दिवस ढकलत होती. फार एकटी पडली होती बिचारी.

एके दिवशी गोष्ट संपून कोरा दोर सरकत असताना, ध्यानीमनी नसताना, तिच्या बोटांखाली गाठ आली. लहान, सैल, डाव्या पिळाची. सवयीने तिने ती सोडूनही टाकली आणि मग तिला ती गाठ ओळखू आली.

"शेवटी ती गाठ कसली मारलीस रे?" तिने बाहेर पडताना नव्या गाठकऱ्याला विचारलं.

"शेवटी? मी कोराच सोडला, काकू."

"डाव्या पिळाची होती."

"मला उजवाच धड जमत नाही, डावा कुठून आणू?" तो हसला. काकू हसली नाही.

पाववाला चपला शोधत होता. "माझ्या हातूनही कोराच गेला," तो म्हणाला. मग आवाज खाली आणून, "पण काकू, त्या खुर्चीवर कुणाला बसवलंत का? आज मला हात लांब करावा लागला नाही."

काकू रात्रभर हळहळली. आपल्याच हाताने सोडली.

दुसऱ्या दिवशी गाठ पुन्हा आली. या वेळी काकूने ती सोडली नाही. कात्रीने दोराचं टोक कापलं, मुठीत दडवलं आणि ताकास तूर लागू न देता उंबरा ओलांडला.

घरी येऊन तिने चुलीवर पाणी ठेवलं, आतल्या खोलीचं दार लोटलं आणि अंधारात बसली. वीतभर तुकडा. गाठीवरून तिने बोट फिरवलं. पुन्हा एकदा फिरवलं. बोट पुढे सरकलं. आता कापलेलं टोक यायला हवं होतं.

टोक आलं नाही.

दोर पुढे होता. ती ओढत राहिली आणि तो येत राहिला, कोमट.

गाठी लागल्या. सगळ्या डाव्या पिळाच्या. एक बाई. एक चूल. लोटलेलं दार. अंधारात बसलेली बाई.

मग ती लहान, सैल गाठ. चल घरी.

काकू तर घरीच होती.

दोर अलगद ताणला गेला, दाराच्या दिशेने.

तिने गाठीत नख घातलं. आयुष्यभर हेच केलं होतं. एक हिसका पुरला असता आणि सगळं थांबलं असतं.

तिने नख काढून घेतलं.

सकाळी पाववाला आला तेव्हा चुलीवरचं भांडं जळून काळं पडलं होतं. चपला जागच्या जागी होत्या. बाहेरचं दार सताड उघडं होतं. ते ओढून घ्यायला काकूला हातातला हात सोडावा लागला असता.