शिसपेन्सिल चालत नाही

तो माझ्याशी बोलला ते पहिलं वाक्य असं होतं, "मॅडम, ते पेन्सिल माझ्याकडं द्या."

प्रेमाची सुरुवात याहून बरी होते असं ऐकून होते. पण झालं ते हे असं. डिसेंबरातला गुरुवार होता आणि मी नागपूरच्या मिहान औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात उभी होते. तिथे विमानांचे दरवाजे तयार होतात आणि पेट्यांत बसून परदेशी जातात. कंपनीला वर्धापनदिनासाठी भारतातल्या विमानबांधणीच्या इतिहासावर चोवीस पानांची पुस्तिका हवी होती. ती लिहायचं काम मला, म्हणजे अरुंधतीला, मिळालं होतं. इतिहास मी घरी बसूनच लिहून काढला होता. कारखाना दिसतो कसा, एवढंच बघायला आले होते.

"काहून?" मी विचारलं. "मी काय विमानावर लिहून राहिले का?"

"शिसपेन्सिल चालत नाही इथं. तिची रेघ ॲल्युमिनियमवर उमटली का तिथून धातू सडते." त्यानं पेन्सिल एका छोट्या पिशवीत घातली, वर माझं नाव लिहिलं आणि खिशातलं पेन काढून माझ्या हातात दिलं. छातीवरच्या ओळखपत्रावर लिहिलं होतं – धम्मदीप, तपासनीस.

तासाभरानं निघताना मी तोंडावरचा मास्क खाली केला. तो माझ्या चेहऱ्याकडे बघतच राहिला. एक सेकंद... दोन... तीन. असले सेकंद आम्हा बायकांना बरोबर मोजता येतात. मी ओढणी सावरली.

"मॅडम," तो म्हणाला, "नाकात होतं का काही तुमच्या? भोक दिसून राहिलं."

माझा हात नाकाकडे गेला. चमकी नव्हती.

"सकाळी होती?"

"होती... बहुतेक."

"बहुतेक चालत नाही."

आत दागिने चालत नाहीत. गेटवर कानातले काढून चष्म्याच्या डबीत ठेवलेले मला आठवत होते, पण चमकीचं काही केल्या आठवेना. डबी उघडून पाहिली, तर दोन कानातले, बस. म्हणजे चमकी नाकातच राहिली आणि आत कुठेतरी पडली. मी सगळ्यात जास्त वेळ वाकून बघितलं होतं ते सतरा नंबरच्या दरवाजात. आतून पोकळ, आणि मी बघून झाल्यावर लगेच त्याची शेवटची बाजू रिव्हेट मारून बंद केलेली. धम्मदीपनं त्या दरवाजाला लाल पट्टी बांधली. लाल पट्टी म्हणजे शंका, आणि शंका फिटेपर्यंत दरवाजा जागचा हलत नाही.

"एवढीशी तर चमकी," मी म्हटलं.

"एवढीशीच नडते, मॅडम. मोठी वस्तू दिसते तरी."

शुक्रवारी मी पुन्हा गेले. घोळ माझा, तर निदान बसून तरी राहावं म्हणून. असं मी स्वतःला सांगितलं होतं. तो लांब वायरच्या टोकाचा कॅमेरा दरवाजाच्या भोकांतून आत सरकवत होता आणि पडद्यावर एकेक रांग बघत होता. त्याची बोटं फार सावकाश चालायची. मी पडदा सोडून बोटंच बघत होते.

"गप्प काहून बसल्या? तुमची पुस्तिका वाचा ना," तो म्हणाला.

मी वाचली. चाळीस साली बेंगळुरूत पहिला कारखाना निघाला, एक्केचाळीसला तिथलं पहिलं विमान उडालं. मग महायुद्ध, आणि परक्यांची विमानं दुरुस्त करता करता आपली माणसं काम शिकली. एक्कावन्न साली शिकाऊ वैमानिकांसाठी आपणच आखलेलं विमान आलं. एकसष्टला मरुत हे लढाऊ विमान आकाशात गेलं.

"मरुत दिसायला देखणं होतं," मी म्हटलं. "पण त्याच्या अंगाला शोभेल असं इंजिनच मिळालं नाही. वेग म्हणावा तसा कधी आला नाही."

"अरेरे."

"अरेरे काय? अशी स्थळं मलापण सांगून आली आहेत."

तो इतका हसला की कॅमेरा हलला आणि ती रांग पहिल्यापासून बघावी लागली.

"एक सांगू?" हसू आवरल्यावर तो म्हणाला. "चोवीस पानांत रिव्हेट मारणारा एक माणूस नाही तुमच्या."

"कुठून आणू?"

"सावनेरले आहे एक. माझे बाबा. तेहतीस वर्षं विमानाच्या पंखांले रिव्हेट मारले त्यांनी. उद्या सुट्टी आहे मले... येता का?"

"विचार करून सांगते," मी म्हटलं. विचार करण्यासारखं काहीच नव्हतं.

संध्याकाळी सात वाजता, उद्या कुठले कानातले घालावेत म्हणून डबी उघडली. आतलं काच पुसायचं फडकं उचललं, तर त्याच्या घडीतून चमकी टपकन गादीवर पडली. गुरुवारी गेटवर मीच ती काढून ठेवली होती. आत नेलीच नव्हती.

फोन हातात घेतला. त्याचा नंबरही काढला. आता सांगितलं की काम मिटलं... आणि उद्याचं सावनेरही मिटलं. ज्या बाईची चमकी सापडली तिच्याशी त्याचं काय काम उरणार होतं? सापडली नाही तर सोमवारी सकाळी दरवाजाचे एकशे चाळीस रिव्हेट काढायचं ठरलं होतं. त्याच्या आत सांगू, असं म्हणून मी फोन खाली ठेवला. झोप मात्र नीट लागली नाही.

शनिवारी त्याच्या मोटारसायकलवर मागे बसून निघाले. धुकं होतं, गार वारा होता, आणि मला लाज वाटण्याइतकं छान वाटत होतं. कोराडी मागे पडल्यावर तो मान वळवून म्हणाला, "आमच्या खात्यातली काजल बसली आहे आज कॅमेरा घेऊन. सुट्टी सोडून आली बिचारी. दोनच रांगा राहिल्या."

मला ऐकू आलं नाही असं मी दाखवलं. मोटारसायकलवर ही एक सोय असते.

त्याचे बाबा, देवराव, अंगणात खुर्ची टाकून बसले होते. कोथिंबिरीची सांबारवडी खाऊ घातल्याशिवाय त्यांनी बोलायला सुरुवात केली नाही. मग घरातून एक पत्र्याची डबी आणली. डबीत बोटाएवढं एक ड्रिल बिट होतं, भोक पाडायचं.

"पंख बंद झाला अन् माह्या पेटीत हे एक कमी," ते म्हणाले. "माह्या जोडीचा गिरिधर दोन दिवस त्या पंखात अर्धा शिरून शोधत होता. तिसऱ्या दिवशी मले सापडलं, माह्याच कोटाच्या अस्तरात. सांगतलं असतं तं साहेबानं चार शिव्या देऊन सोडलं असतं. मी नाई सांगतलं, बेटा. भेव वाटलं. पुरा पंख खोलला त्यायनं. गिरिधरचे हात सोलून निघाले."

"मग पुढे तरी सांगितलंत?"

"तीस वर्षं संगं जेवलो आम्ही. डबा उघडला का त्याचे हात दिसत. आज सांगतो, उद्या सांगतो... दोन साल झाले, गेला तो." त्यांनी डबीचं झाकण लावलं. "लिहून टाक. माझं नाव टाक, गिरिधरचं टाक. कारखान्याचं टाकू नको, त्याचा काही दोष नाही."

धम्मदीपनंही हे पहिल्यांदाच ऐकलं असावं. तो बराच वेळ अंगणातल्या नळाकडे बघत होता. मी कुणाकडेच बघू शकत नव्हते.

परतताना कोराडीच्या अलीकडे मी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "गाडी थांबवा."

त्यानं थांबवली.

"चमकी माझ्याकडे आहे. आत पडलीच नव्हती. काल संध्याकाळी सापडली."

"किती वाजता?"

"सात."

तो खाली उतरला आणि त्यानं आधी काजलला फोन लावला. "बंद कर वं. सापडली... हो, घरी जा तू." मग गाडी सुरू केली. मला घरी सोडलं. दारात एवढंच म्हणाला, "सोमवारी नऊ वाजता लेखी द्या." मी घरात जाऊन रडले. मला तो हवा होता, आणि मी त्याच्यापासून खरं लपवलं होतं. रविवारी पुस्तिकेचं पंचविसावं पान लिहिलं, देवरावांचं आणि गिरिधरचं, दुसरं काही सुचलं नाही म्हणून.

सोमवारी समोर एक छापील कागद आला. घटना, कारण, पुन्हा घडू नये म्हणून उपाय. घटना भरली. कारणापुढे लिहिलं, 'विसरले'.

धम्मदीपनं कागद माझ्याकडे परत सरकवला. "ते गुरुवारचं झालं. शुक्रवारी सातनंतरचं कारण लिहा."

काजल पलीकडच्या टेबलावर बसली होती. आधी तिची माफी मागितली. ती म्हणाली, "हौ, ठीक आहे, पण खरं लिहा." मग मी लिहिलं – 'लगेच सांगितलं असतं तर शनिवारी यांच्यासोबत सावनेरला जाता आलं नसतं. मला जायचं होतं.'

त्यानं वाचलं. त्याचे कान लाल झाले. "हे... तीन साहेब वाचतात, मॅडम."

"खोडू?"

"खोडाखोड चालत नाही," काजल मान वर न करता म्हणाली.

उपायापुढे त्यानं पेननं लिहिलं, 'संबंधित व्यक्तीस सहा महिने कारखान्यात प्रवेश बंद.' खाली सही केली. मग जाऊन सतरा नंबरच्या दरवाजाची लाल पट्टी कापली. कागदाची एक प्रत माझ्यासाठी करून आणली, ती मी न बघताच घडी घालून पर्समध्ये टाकली आणि निघाले.

गेटच्या बाहेर पोचले तेव्हा तो मागून धावत आला. हातात ती छोटी पिशवी होती. "तुमची पेन्सिल."

मी पिशवी उघडली. गुरुवारी टोक काढून आणलेली पेन्सिल बोथट झाली होती. "वापरली तुम्ही?"

"ऑफिसात बसून वापरली. आत नाही."

त्याची नजर माझ्या पर्सकडे गेली, तशी मी प्रत काढून उघडली. उपायाच्या खाली शिसपेन्सिलीनं एक ओळ वाढली होती. 'सबब तपासनीस धम्मदीप यांनी संबंधित व्यक्तीस दर शनिवारी कारखान्याबाहेर भेटावे.'

"पेन्सिलीनं काहून?"

"तुम्हाले नको असलं तर खोडता यावं म्हणून..." तो जमिनीकडे बघत होता. "शनिवारी लय राग आला होता मले. अजूनही आहे थोडा. पण बाबानं तीस वर्षं लावली, तुम्ही एका दिवसात सांगून मोकळ्या झाल्या."

मी पर्समधून त्यानंच दिलेलं पेन काढलं. कागद गेटवरच्या टेबलावर ठेवला आणि त्याची ओळ अक्षरन् अक्षर पेननं गिरवायला घेतली. तो शेजारी उभा राहून बघत होता, दरवाजाची रांग बघायचा तसाच.

"बाबाले सांगू का?" मी 'भेटावे'पर्यंत पोचले तेव्हा त्यानं विचारलं.

"आत्ता सांगा," मी म्हटलं. "संध्याकाळच्या सातची वाट बघू नका."