घागऱ्यातल्या रेघा

लग्नातला घागरा म्हणजे मोठी फसवी वस्तू. आठ दिवस दुकानं पालथी घालून घ्यायचा, चार तास अंगावर मिरवायचा आणि मग जन्मभर कपाटात त्याच्यासाठी जागा करत बसायचं. दीपमालाच्या घागऱ्याचंही तेच झालं. लग्नाला चार महिने होत नाहीत तोच तिने तो मेहकरहून नवऱ्याबरोबर आईकडे पाठवून दिला, पिशवीत कोंबून. वर फोन केला, "माय, उसवून टाक तो. दोन ड्रेस काढ मले त्यातून."

तिची आई गीताबाई धाड गावात वीस वर्षांपासून शिवणकाम करत होती. लेकीचा घागरा आपणच शिवायचा म्हणून ती हट्टाला पेटली होती, पण सासरच्यांनी तयार आणला. तो राग अजून गेला नव्हता. दुपारची भांडी आटोपून तिने ब्लेड घेतलं आणि जरा खुशीतच कमरेची शिवण उसवायला घेतली.

चार बोटं उसवली आणि तिचा हात थांबला. शिवणीच्या आत, दोन बोटांवर, सुईच्या भोकांची एक सरळ रेघ होती. दोरा नव्हता, नुसती भोकं. सॅटिनवर एकदा सुई गेली की भोक बुजत नाही, हे तिला सांगायला नको. कुणीतरी हा घागरा आवळला होता आणि मग पुन्हा सैल केला होता.

"वापरलेला घागरा देला माह्या पोरीले!" गीताबाईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने कापड खिडकीपाशी धरलं आणि रेघ शेवटपर्यंत पाहिली. शेवटी भोकांची एक बारीक फुली होती.

शिवण संपली की कापड फिरवून तशी फुली मारायची सवय गीताबाईची स्वतःची होती. गावातल्या दुसऱ्या कुणाची नव्हती. आणि या घागऱ्याला तिची सुई आजवर लागलीच नव्हती.

तिने फोन लावला. "दीपा, हा घागरा नवा होता ना वं?"

"काऊन? माह्यासमोर पुडकं फोडलं दुकानदारानं." मग दीपमाला म्हणाली, "तसा आता ढिला होते तो मले. जेवणच जाऊन नाही राह्यलं... उद्या येऊन राह्यली मी."

त्या संध्याकाळी गीताबाईला घरात कुठेच बसवेना. घागरा खुंटीला टांगला, तर नजर तिकडेच. पेटीत टाकला, तर भात शिजेपर्यंत दोनदा पेटी उघडून पाहिली. घागऱ्याला वास येत होता. नव्या कापडाचा नाही. तिच्याच मशीनच्या तेलाचा.

दुसऱ्या दिवशी दीपमाला एसटीतून उतरली तेव्हा तिच्या गळ्याची हाडं वर आली होती. गीताबाईने पाण्याचा तांब्याही पुढे केला नाही. आधी टेप लावला. लेकीची कंबर बरोबर त्या आतल्या रेघेवर आली. सुताचाही फरक नव्हता.

"दीपा... तुले काय झालं वं? खरं सांग."

दीपमालाने पदर तोंडाशी नेला. ती चक्क हसत होती. "दोन महिने झाले, माय. परवाच डॉक्टरीणबाईनं सांगितलं. खाल्लेलं सगळं उलटून पडते, म्हणून अशी झाली."

गीताबाईने साखरेचा डबा काढला. रडली, हसली, लेकीच्या तोंडात साखर घातली. आपण किती येड्या, असंही म्हणाली. तिला खरंच फार आनंद झाला होता. पोरीला पोटाशी धरलं तेव्हा तर ती ते घागऱ्याचं विसरूनही गेली.

"आता त्याचे ड्रेस नको करू," दीपमाला म्हणाली. "माही सासू नवव्यात ओटी भरणार हाय. तवा हाच घालीन मी. वाढवून दे फक्त."

जेवून ती आत आडवी झाली. गीताबाईने घागरा मांडीवर घेतला. शिवणीच्या आत जादा कापड दुमडलेलं असतं, शिंपी त्याला माया म्हणतात. ती किती सोडली आहे हे बघायला तिने घडी उलगडली.

घडीत रेघा होत्या.

एकीच्या बाहेर एक, प्रत्येक रेघ कंबर आणखी सैल करणारी. प्रत्येकीच्या टोकाला फुली. गरोदर बायकांचे कपडे सैल करण्यात गीताबाईची निम्मी हयात गेली होती. कोणत्या महिन्यात कंबर किती बोटं वाढते, हे तिला तोंडपाठ होतं. ती पुटपुटत बोट फिरवू लागली. तिसरा. चौथा. पाचवा. सहावा. सातवा.

पुढे पाच बोटं कापड शिल्लक होतं. कोरं.

पंखा गेला. वीज गेली होती. पत्रा तापल्याचे टक टक आवाज येत होते.

"माय..." आतून झोपाळू आवाज आला, "पुरन ना वं नवव्यापर्यंत?"

"पुरन," गीताबाई म्हणाली. "झोप तू."

तिने सुईतला दोरा काढून टाकला. कोरं कापड सुईखाली घेतलं आणि पायाने मशीन चालवली. बिनदोऱ्याची सुई खटखट भोकं पाडत गेली. आठव्या महिन्याची रेघ. फुली. नवव्या महिन्याची रेघ. फुली. घाम डोळ्यांत उतरत होता, पण तिने हात काढला नाही.

मग ती उठली आणि घागरा खिडकीच्या उन्हात धरला. भोकाभोकातून ऊन आत आलं. तिने पहिल्यापासून बोट ठेवत मोजलं. तिसरा, चौथा, पाचवा, सहावा, सातवा. त्यापुढचं सॅटिन कालच दुकानातून आणल्यासारखं गुळगुळीत होतं.

गीताबाईने ते पुन्हा सुईखाली सरकवलं.