सुईवरचे ठोके

भूकंपमापन केंद्रात तिला अकरा वर्षं झाली होती. फिरत्या कागदावरची रेघ भूकंपाची की रस्त्यावरच्या ट्रकची, हे ती हातातला चहाचा कप खाली न ठेवता सांगायची. मूल मात्र तिला कधी हवंसं वाटलं नव्हतं. आता गरोदरपणाचा दहावा आठवडा चालू होता. नवरा हरखून गेला होता, सासूबाईंनी लोकर आणली होती. आणि तिने कुणाला न सांगता, गर्भपातासाठी दवाखान्यात सोमवारची वेळ घेऊन ठेवली होती.

गुरुवारी सकाळी सुई बारीक ठोके काढू लागली. एकसारखे, मिनिटाला एकशे पासष्ट.

"तळघरातला पंप असेल," साहेब म्हणाले.

पंप बंद केला. यंत्रही बदललं. ठोके चालूच. दुपारी समुद्रापलीकडच्या केंद्रातून फोन आला. "ताई, तुमच्याकडेही हे उमटतंय का?"

शुक्रवारी ती सोमवारसाठी लागणारी सोनोग्राफी करून घ्यायला गेली. तिथल्या डॉक्टरीणबाईंना सोमवारचं ठाऊक नव्हतं; त्यांनी बाळाच्या ठोक्यांचा आवाज मोठा केला. "एकशे पासष्ट. छान आहे." मग त्या थबकल्या. "दोन ठोके चुकले. घाबरू नका, आले परत."

सवयीने तिची नजर घड्याळाकडे गेली. अकरा सतरा.

केंद्रात येऊन तिने पर्ससुद्धा न उतरवता कागद पाहिला. अकरा सतराला दोन ठोके नव्हते. फोन करून विचारलं, समुद्रापलीकडेही नव्हते.

तिने खुर्ची कागदाजवळ ओढली. सगळी जमीन कान देऊन ऐकत होती, आणि ती मात्र आजवर पाठ फिरवून बसली होती. तिचे डोळे भरून आले. पहिल्यांदाच तिने पोटावर हात ठेवला.

"ऐकतेय मी," ती पुटपुटली. मग फोन करून सोमवारची वेळ रद्द केली.

शनिवारी त्या ठोक्यांमध्ये दुसरा ठोका आला. जड, संथ, मिनिटाला एक. तो कुठून येतोय, याचं साहेबांनी तीनदा गणित केलं.

"सातशे किलोमीटर खोल. बरोबर आपल्या इमारतीखाली."

आधीचे बारीक ठोके कुणाचे आहेत, हे तिने सांगितलं नाही.

रविवारी ती घरीच होती. सासूबाई लोकरीचे टाके घालत होत्या. फोन वाजला.

"सहाशे साठ किलोमीटर," साहेब म्हणाले. "वर येतंय. आणि आता केंद्राखाली नाही. नदीपलीकडे सरकलंय, तुमच्या वसाहतीकडे."

तिने फोन ठेवला.

ती अनवाणी उभी होती. पायाखालची फरशी कोमट लागत होती.