नांत-इ-फ्रानहून आलेली घंटा

नोव्हेंबरातला शेवटचा रविवार होता तो. मोसमातली शेवटची गाडी सकाळीच येऊन उभी राहिली होती आणि मी अबरहेलिग स्टेशनच्या सिग्नल केबिनमध्ये शेगडीची राख काढत होते. तेवढंच काम राहिलं होतं. राख काढायची, खिडक्यांना कड्या घालायच्या, आणि मार्चपर्यंत कुलूप.

आमची लाइन जुनी, अरुंद रुळांची. डोंगरातला पाटीचा दगड खाली आणायला बांधलेली. खाणी बंद पडल्या तशी तीही मेली. मग गावातल्या तिघा मित्रांनी हौसेनं तिला पुन्हा उभं केलं, आणि आता आम्ही सत्तरएक माणसं ती चालवतो. पगार कुणालाच नाही. मी आयुष्यभर शाळेत स्वयंपाक केला. सुट्टीच्या दिवशी इथं सिग्नल ओढते. इंजिन चालवणारा गेथिन एरवी मेंढ्या राखतो.

त्या दुपारी मालाच्या शेडमध्ये आमची बैठक झाली होती. विषय एकच. लाइन पुढं दोन मैल, नांत-इ-फ्रानपर्यंत न्यायची का? तिथले रूळ साठ वर्षांपूर्वी उखडून नेलेले. माणसं दमली होती, वयं झाली होती. 'नको' म्हणून हात वर गेले. माझाही गेला.

एम्रिस मागच्या बाकावर बसले होते. वय शहाऐंशी. त्या तिघा मित्रांपैकी इडवाल आणि सेल्विन जाऊन बरीच वर्षं झाली, हे एकटे उरलेले. हात मोजून होताच ते उठले. टोपी घातली आणि दार लोटून निघून गेले.

चारच्या सुमाराला डोंगरावरून धुकं उतरलं. बघता बघता प्लॅटफॉर्म गेला, पाण्याची टाकी गेली, सिग्नलचा खांब गेला. काचांवर ओल धरली. विझलेल्या कोळशाचा वास तेवढा खोलीत उरला. इतकं शांत, की मला माझ्याच बुटांचा आवाज नकोसा वाटला.

आणि घंटा वाजली. एक ठोका.

आमच्या केबिनमध्ये दोन घंटा आहेत. पुढच्या-मागच्या स्टेशनांशी ठोक्यांनी बोलायच्या. एक खालच्या स्टेशनाची. दुसरी नांत-इ-फ्रानची, ती नुसती घासूनपुसून ठेवलेली, आलेल्यागेलेल्याला दाखवायला. तिची तार फळ्यांखाली हातभर जाते आणि संपते. ते टोक मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

वाजली ती दुसरी.

एक ठोका म्हणजे, 'लक्ष आहे का?'

मी राखेचं घमेलं हातात धरून तशीच उभी. तेवढ्यात फोन वाजला. एम्रिसची मुलगी नेस्ट.

"लाउरी, बाबा आहेत का गं तिथं?"

"नाही. दोनलाच निघाले की."

"घरी आलेच नाहीत. कोटही इथंच खुंटीला आहे..."

पुन्हा एक ठोका.

"ही घंटा कसली?" नेस्टनं विचारलं.

म्हणजे तिलाही ऐकू आली होती. तो धीर होता की आणखी भीती, मला आजही सांगता येत नाही. मी फोन खाली ठेवला, आणि इतक्या वर्षांची सवय, हात आपणहून त्या घंटेच्या, ठोका पाठवायच्या खटक्यावर गेला. मी एका ठोक्यानं उत्तर दिलं.

मग सहा आले. सावकाश, नीट मोजता येतील असे.

सहा ठोके म्हणजे, 'लाइनीवर अडथळा. धोका.'

तिकडं लाइन कुठं होती?

खिडकी उघडून मी गेथिनला हाक मारली. तो हात पुसत वर आला.

"कंदील घे. नांत-इ-फ्रानला जायचंय."

"या धुक्यात? कावळ्यांना भेटायला?"

मी सगळं सांगितलं. त्यानं आधी माझ्याकडं पाहिलं, मग घंटेकडं.

"सहाच वाजले?"

"सहाच."

त्यानं कोटाची कॉलर वर केली. "चल."

रुळांच्या जागी आता नुसतं गवत. दोन्ही अंगांना दलदल, त्यामुळं वाट सोडायची सोय नाही. कंदिलाचा उजेड हातभर जाऊन पांढरा होत होता. अर्धा मैल गेलो असू. पुढं कुणीतरी चालत होतं. खडीवर बूट वाजावेत तसं... करकर... करकर... आमच्या पायांखाली मात्र खडी नव्हती.

आम्ही थांबलो. पुढचं पाऊल आणखी एकदा वाजलं आणि तेही थांबलं.

"लाउरी..." गेथिन कुजबुजला. "पुढं कोण आहे?"

"चालत राहा."

एका जागी तो आवाज एकदम उजवीकडं वळला. आम्हीही वळलो, का ते कळलं नाही; तिथं जमीन घट्ट होती आणि ओढा उथळ. दुसऱ्या दिवशी उजेडात पाहिलं, तर डावीकडचा ओढ्यावरचा पूल कोसळून गेला होता. खाली बारा-पंधरा फूट नुसते दगड.

नांत-इ-फ्रानला आता प्लॅटफॉर्मची दगडी कड तेवढी शिल्लक आहे. एम्रिस त्या कडेवर बसले होते, नुसत्या स्वेटरवर. गवत पांढरं पडलं होतं गारठ्यानं. मी घाबरत त्यांचे हात धरले. ऊबदार होते.

"उशीर केलात," ते म्हणाले.

"असं एकट्यानं यायचं का हो?"

"एकटा कुठं, पोरी? इडवाल होता. सेल्विन होता. झोपूच देईनात मला. झोपलास तर गेलास, म्हणे. आणि तो तिसरा..."

"तिसरा कोण?"

"मी नाही ओळखत. तो बोललाच नाही. घंटा तोच वाजवत होता."

गेथिननं कंदील सगळीकडं फिरवला. काटेरी झुडपं होती, दगड होते. घंटा नव्हती. त्यानं एम्रिसना पाठीवर घेतलं आणि आम्ही परत फिरलो. येताना पुढं कुणी चालत नव्हतं. मागं होतं का, ते मी वळून पाहिलं नाही.

चार दिवसांत एम्रिस इस्पितळातल्या खाटेवर उठून बसले, नर्सशी चहावरून भांडायला लागले. मी भेटायला गेले तेव्हा हळूच म्हणाले, "ते विचारत होते, गाडी कधी येणार."

"मग काय सांगितलंत?"

"काय सांगणार? म्हटलं, येईल."

जानेवारीत मी पुन्हा बैठक बोलवायला लावली. उभी राहिले आणि सगळं सांगितलं, घंटेसकट. कुणी हसलं नाही. पहिला हात गेथिनचा वर गेला. मग एकेक करत सगळे.

तीन हिवाळे लागले. पावसात भिजत आम्ही स्लीपर वाहिले, खडी पसरली, ओढ्यावर नवा पूल घातला. शेजारच्या गावांतली तरुण माणसं आली. नेस्ट आली. ती भांडकुदळ नर्सही आली आणि सगळ्यांत जास्त खडी तिनंच टाकली. ज्या रेल्वेला म्हातारपण आलं असं आम्ही म्हणत होतो, तिच्या शेडमध्ये जेवायला बाक पुरेनात.

ईस्टरच्या सोमवारी पहिली गाडी नांत-इ-फ्रानला पोचली. लख्ख ऊन, बँड, पताका. त्या दिवशी गार्डचं काम मी मागून घेतलं होतं. परतीच्या गाडीत लोक खेचाखेच चढले, पण शेवटचा डबा मी रिकामा ठेवला. का, ते कुणी विचारलं नाही.

मी दार उघडून उभी राहिले. आमचे डबे हलके; माणूस चढलं की स्प्रिंग कुरकुरते आणि डबा जरासा खाली बसतो.

स्प्रिंग कुरकुरली. डबा खाली बसला. मग पुन्हा. मग, बऱ्याच वेळानं, तिसऱ्यांदा.

शेजारी काठी टेकून उभ्या असलेल्या एम्रिसनी टोपी काढली. त्यांचे डोळे भरले होते, पण ते हसत होते. "चढले," म्हणाले. मी दार लावलं आणि हिरवं निशाण दाखवलं.

अबरहेलिगला उतरून पुन्हा ते दार उघडलं. डबा वर आला. एकदा. दुसऱ्यांदा.

मी दार धरून वाट पाहिली. लोक पांगले, बँड थांबला, इंजिनाची वाफ गेली.

"आजची गाडी इथवरच आहे..." मी आत तोंड घालून हळूच म्हटलं. "उतरायचं ना?"

त्याला आता चार वर्षं झाली. तो डबा मोसमात रोज धावतो आणि भरून धावतो. वर्कशॉपनं दोनदा स्प्रिंगा बदलल्या. पण अगदी रिकामा उभा असला, तरी तो डाव्या खिडकीपाशी झुकलेला असतो. एक माणूस बसल्यावर झुकावा तेवढाच.